नावे आणि जमा

सयाजीराव हे नाव काढले की आपल्यापुढे बडोद्याचे तिसरे सयाजीराव गायकवाड उभे राहतात. नाशिक जिल्ह्यातील कवळाणे गावच्या शेतकरी घरातला गोपाळ नावाचा मुलगा १८७५ साली बाराव्या वर्षी दत्तक जातो. तोवर त्याला अक्षरओळखही नसते. आणि पुढे हाच मुलगा राजा होऊन १८९३ साली अमरेली भागात व १९०६ साली साऱ्या राज्यात प्राथमिक शिक्षण सक्तीचे आणि मोफत करतो. मराठी शाळेत शिकलेल्या कोणालाही ही गोष्ट नवी नाही.

पण इंग्लंडातील घोड्यांच्या शर्यतींची माहिती ठेवणाऱ्या माणसापुढे हेच नाव घेतले तर त्याला राजा आठवणार नाही, घोडा आठवेल. 'सयाजीराव' हा १९४४ साली जन्मलेला जातिवंत घोडा. 'दान्ते' या १९४५ च्या डर्बी विजेत्याचा तो सख्खा धाकटा भाऊ. १९४५ साली, अजून पुरता दोन वर्षांचाही झाला नव्हता तेव्हा, त्याचा लिलाव झाला आणि २८,००० गिनींना तो विकला गेला. ब्रिटनमध्ये त्या वयाच्या घोड्याला जाहीर लिलावात तोवर एवढी किंमत कधी आली नव्हती. घेणारे होते बडोद्याचे महाराज प्रतापसिंहराव गायकवाड, म्हणजे सयाजीरावांचे नातू. आजोबांच्या पश्चात १९३९ साली ते गादीवर आले होते. घोड्याला त्यांनी आजोबांचे नाव दिले.

हे मला प्रथम कळले तेव्हा वाईट वाटले, थोडा रागही आला. पण राग येऊन काही सिद्ध होत नाही. वाणिज्य शाखेच्या विद्यार्थ्याने रागावण्यापेक्षा हिशेब मांडावा. तोच येथे मांडतो आहे.

प्रथम जमेची बाजू पाहू. घोडा वाईट निघाला नाही. १९४७ च्या इंग्लिश डर्बीत तो तिसरा आला. त्याच वर्षी त्याने आयरिश डर्बी जिंकली आणि सप्टेंबरात डोंकास्टरची सेंट लेजर ही मानाची शर्यतही मारली. म्हणजे भारत स्वतंत्र होऊन महिनाही उलटला नव्हता, तोच एका भारतीय मालकाचा, मराठी नावाचा घोडा साहेबांच्या मैदानावर साहेबांचे घोडे मागे टाकून गेला. खोटे कशाला बोला, हे वाचताना माझीही मान क्षणभर ताठ झाली. पुढच्याच वर्षी महाराजांच्या 'माय बाबू' या घोड्याने 'टू थाउजंड गिनीज' ही शर्यत जिंकली. त्याआधी १९४३ साली मुंबईला महालक्ष्मीवर पहिली इंडियन डर्बी झाली, तीही महाराजांच्याच 'प्रिन्सेस ब्यूटिफुल' या घोडीने जिंकली होती. न्यूमार्केट हे इंग्लंडातील शर्यतींचे माहेरघर. तेथील वॉरन प्लेस हा प्रशस्त तबेला महाराजांसाठी घेतला होता आणि सॅम आर्मस्ट्राँग नावाचे नामांकित प्रशिक्षक तेथे त्यांचे घोडे तयार करीत. तात्पर्य, महाराजांना घोड्यातले कळत नव्हते असे कोणी म्हणू शकणार नाही.

आता नावेची बाजू. एक गिनी म्हणजे एक पौंड एक शिलिंग. २८,००० गिनींचे झाले २९,४०० पौंड. त्या वेळी एक रुपया दीड शिलिंगाचा होता, म्हणजे पौंडाला तेरा रुपये पाच आणे चार पै. तेव्हा एका घोड्याचे झाले ३,९२,००० रुपये. हा फक्त खरेदीचा आकडा. चारा, तबेला, मोतद्दार, जॉकी, प्रवास हे सारे वेगळे.

या आकड्याशेजारी दुसरा एक आकडा ठेवून पाहा. १९१३ साली सयाजीरावांनी भीमराव आंबेडकर या तरुणाला अमेरिकेत शिकण्यासाठी शिष्यवृत्ती दिली. ती होती महिना साडेअकरा पौंड, तीन वर्षांसाठी. छत्तीस महिन्यांचे झाले ४१४ पौंड. २९,४०० ला ४१४ ने भागा. उत्तर येते ७१. एका घोड्याच्या किमतीत एकाहत्तर विद्यार्थी तीन तीन वर्षे परदेशी शिकले असते. आमचे सर म्हणतील, १९१३ चा पौंड आणि १९४५ चा पौंड एक नव्हे, मधल्या काळात पैशाचे मोल उतरले होते. मान्य. पौंडाची किंमत पावपट धरा. तरी सतरा उरतात. सतरा आंबेडकर!

येथे मला आणखी एका आजोबा-नातवाची आठवण होते. ती कथा इंग्लंडची आहे, पण तिचे मूळ आपल्या मातीत आहे. १८१७-१८ च्या युद्धात पेशवाई बुडाली, एप्रिल १८१८ मध्ये बेळगावचा किल्ला इंग्रजांनी घेतला, त्या वेळी गव्हर्नर जनरल होते मार्क्विस ऑफ हेस्टिंग्ज. (वॉरन हेस्टिंग्ज ते वेगळे, आधीचे.) त्यांच्या कामगिरीवर खूश होऊन ईस्ट इंडिया कंपनीने त्यांना जमीनजुमला घेण्यासाठी ६०,००० पौंड मंजूर केले. या हेस्टिंग्जसाहेबांचा नातू हेन्री, चौथा मार्क्विस, १८४२ साली जन्मला. नऊ वर्षांचाही झाला नव्हता तेव्हा पदवी आणि इस्टेट त्याच्याकडे आली. मोठा झाल्यावर घोडे आणि पैज यांपलीकडे त्याला जग उरले नाही. १८६४ साली हेन्री चॅप्लिन नावाच्या गृहस्थाची वाग्दत्त वधू लेडी फ्लॉरेन्स पॅजेट हिला पळवून नेऊन त्याने लग्न केले. तीन वर्षांनी त्याच चॅप्लिनचा 'हर्मिट' नावाचा घोडा डर्बीत उतरला. घोड्याला नुकताच रक्तस्राव झाला होता, तो धावेल की नाही याचीच शंका होती. हेस्टिंग्जने त्याच्याविरुद्ध प्रचंड पैजा लावल्या. ऐन मे महिन्यात हिमवर्षाव होत असलेल्या त्या दिवशी हर्मिट जिंकला आणि हेस्टिंग्जने सुमारे १,२०,००० पौंड घालवले असे सांगतात. आजोबांना कंपनीने जे दिले त्याच्या दुप्पट नातवाने एका शर्यतीत उडवले! पुढच्या वर्षी, १८६८ मध्ये, तो वारला. वय सव्वीस. मूलबाळ नव्हते. मार्क्विसची पदवी त्याच्याबरोबर संपली.

मुलगा म्हणजे दूध आणि नातू म्हणजे दुधावरची साय, असे आपल्याकडे कौतुकाने म्हणतात. पण साय दुधातूनच येते हे नातवाने विसरता कामा नये. आमच्या कन्नड मित्रांच्या तोंडी याहून रोखठोक म्हण आहे: कूतु तिन्नुववनिगे कुडिके होन्नू सालदु. बसून खाणाऱ्याला घडाभर सोनेही पुरत नाही.

यावर एक आक्षेप येईल, आणि तो रास्त आहे. कोणी म्हणेल, पैसा त्यांचा, छंद त्यांचा, तुमच्या पोटात का दुखावे? घोडे बाळगणे हा काही गुन्हा नव्हे. आपल्या सर्वोच्च न्यायालयानेही १९९६ साली घोड्यांची शर्यत हा कौशल्याचा खेळ आहे असा निर्णय दिला आहे. शिवाय गायकवाडांच्या पूर्वजांनी, पिलाजी आणि दमाजींनी, गुजरात जिंकला तो घोड्यावर बसूनच. मराठा सरदाराच्या नातवाला घोड्याचा नाद असला तर नवल ते काय?

मला हे सारे मान्य आहे. माझा आक्षेप घोड्याला नाही. पैसा त्यांचा होता का, एवढाच माझा प्रश्न आहे.

दुकानाच्या गल्ल्यातून मालकाने घरखर्चाला पैसे घेतले तर जमाखर्चात त्याला 'उचल' म्हणतात. ती रक्कम मालकाच्या नावे पडते. मालक आहे म्हणून ती लिहायची नाही, असे कोणतेही पुस्तक सांगत नाही. उलट मालकाची उचल आधी लिहा, म्हणजे दुकान किती उरले ते कळेल, असे सांगते. राज्य हे तर दुकानही नव्हे. त्याच्या गल्ल्यातला पैसा शेतसारा भरणाऱ्या कुणब्याचा. सयाजीरावांच्या काळी बडोद्याच्या राज्यकारभाराचा अहवाल दरवर्षी छापला जाई आणि राजवाड्याच्या खर्चासाठी वेगळे खानगी खाते होते. सयाजीरावांनीही थोडा खर्च केला नाही. लक्ष्मीविलास राजवाडा त्यांच्याच काळात उभा राहिला, युरोपचे प्रवासही त्यांनी पुष्कळ केले. पण आपला खर्च आणि राज्याचा खर्च या दोन गोष्टी आहेत, हे त्यांना ठाऊक होते.

नातवाच्या काळी ही रेघ पुसट होत गेली. १९४३ साली महाराजांनी दुसरा विवाह केला. संस्थानात तर द्विभार्याप्रतिबंधाचा कायदा होता. तेव्हा महाराजांच्या वकिलांनी सांगितले की कायदा प्रजेला आहे, राजाला नाही. विवाह हा ज्याचा त्याचा प्रश्न, मी त्यात शिरत नाही. पण 'राजाला नाही' हे दोन शब्द मला महत्त्वाचे वाटतात. जो कायद्याला असे म्हणू शकतो, तो जमाखर्चाच्या वहीलाही म्हणू शकतो. तसेच झाले. घोडे, जवाहीर, परदेशातील घरे यांसाठी खजिन्यातून मोठमोठ्या रकमा उचलल्या गेल्या. स्वातंत्र्यानंतर भारत सरकारने त्यांचा हिशेब मागितला, तेव्हा महाराजांची बाजू लंगडी पडली. १ मे १९४९ रोजी बडोदे मुंबई प्रांतात विलीन झाले. महाराजांना वर्षाला साडेसव्वीस लाख रुपये तनखा ठरला. त्या काळच्या मोठ्या तनख्यांपैकी तो एक होता. पुढे विलीनीकरणाविरुद्ध त्यांनी आवाज उठवला, संस्थानिकांची संघटना उभारण्याची खटपट केली. १९५१ साली राष्ट्रपतींनी त्यांची मान्यता काढून घेतली व त्यांचे पुत्र फत्तेसिंहराव यांना महाराज म्हणून मान्यता दिली. १९६८ साली प्रतापसिंहराव लंडनमध्ये वारले. हेस्टिंग्जच्या नातवाला जाऊन तेव्हा बरोबर शंभर वर्षे झाली होती.

येथे लेख संपवला असता तर सोपे झाले असते. आजोबा थोर, नातू उधळ्या, तात्पर्य काटकसर करा! पण हिशेब पुरा करायचा तर एक नोंद राहून जाते, आणि तिने सगळे गणित फिरते.

याच प्रतापसिंहरावांनी आजोबांच्या स्मरणार्थ एक कोटी रुपयांचा विश्वस्त निधी स्थापन केला. याच प्रतापसिंहरावांच्या राज्याच्या शेवटच्या दिवसांत, एप्रिल १९४९ मध्ये, बडोद्याला महाराजा सयाजीराव विद्यापीठ उभे राहिले. संविधान सभेत आपले प्रतिनिधी पाठवणाऱ्या पहिल्या संस्थानांतही बडोदे होते. म्हणजे ज्या हातांनी घोड्याला आजोबांचे नाव दिले, त्याच हातांच्या काळात विद्यापीठालाही तेच नाव मिळाले. एक कोटी म्हणजे तसल्या पंचवीस घोड्यांची किंमत. मग या माणसाला उधळ्या म्हणावे की दाता?

मी बराच विचार केला आणि मला वाटते, हा प्रश्नच चुकीचा आहे. माणूस एकच होता. फरक पडला तो पैसा कोठे ठेवला यामुळे. जो पैसा विश्वस्त निधीत गेला, त्याला विश्वस्त आले, नियम आले, हिशेब आला. तो महाराजांच्या लहरीच्या आवाक्याबाहेर गेला म्हणून टिकला. जो पैसा खजिन्यात राहिला, तेथे विचारणारा कोणी नव्हता, म्हणून तो न्यूमार्केटला गेला. राजा चांगला की वाईट यावर रयतेचे भवितव्य सोडता येत नाही. सयाजीरावांच्या मागून प्रतापसिंहराव येतात, आणि एकाच प्रतापसिंहरावांच्या पोटात दोघे असतात. तेव्हा भरवसा ठेवायचा तो वहीवर.

घोड्याच्या वाट्याला पुढे काय आले? 'सयाजीराव'च्या वंशात 'ग्लॅडनेस' ही घोडी झाली. तिने १९५८ ची ॲस्कॉट गोल्ड कप शर्यत जिंकली. 'इंडियाना' नावाच्या त्याच्या शिंगराने १९६४ ची सेंट लेजर मारली. 'माय बाबू' अमेरिकेला विकला गेला. वॉरन प्लेसला दुसरे प्रशिक्षक आले आणि तबेला पुढेही गाजत राहिला. म्हणजे पैसा वाया गेला असेही म्हणता येत नाही. तो फळाला आला, पण इंग्लंड-अमेरिकेत. ज्या कुणब्याने सारा भरला त्याच्या नातवाला त्यातले काही मिळाले नाही. विद्यापीठाच्या दारातून मात्र तो नातू आत जाऊ शकला. माझ्या मते दोन 'सयाजीरावां'मधला खरा फरक एवढाच.

ही राजेरजवाड्यांची गोष्ट, आपला संबंध काय, असे वाटेल. मी कॅसलरॉकचा. आमच्या स्टेशनावरून घाट उतरून मार्मागोव्याला जाणारा लोहमार्ग १८८० च्या दशकात ज्या लंडनच्या कंपनीने बांधला, तिच्या भांडवलदारांत ड्यूक ऑफ सदरलंड हे बडे उमराव प्रमुख होते. त्या कंपनीच्या नावातच 'गॅरंटीड' हा शब्द होता. भांडवलावरील व्याजाची हमी पोर्तुगीज सरकारने घेतली होती. गाडी भरो वा रिकामी जावो, उमरावांचे व्याज ठरलेले, आणि तूट भरायची ती सरकारी तिजोरीने. दुसऱ्याच्या जिवावर जोखीम घेण्याची ही तऱ्हा आमच्या दारावरूनच जाते. पण एक कबूल केले पाहिजे. त्या करारात लेखी अटी होत्या, आणि पैशाचे रूळ झाले. त्या मार्गावर आजही गाड्या चालतात.

माझे आजोबा त्याच घाटात रुळांवर गँगमनचे काम करून निवृत्त झाले. माझी फी त्यांच्या निवृत्तिवेतनातून जाते. दिवाळीला घरी गेलो की ते एक जुनी वही पुढे सरकवतात आणि म्हणतात, "सांग बघू, कुठे किती?" पहिल्या वर्षी मला याचा राग यायचा. आपल्यावर विश्वास नाही असे वाटायचे. गेल्या वर्षी आमच्या ओळखीच्या एका मुलाने परीक्षेच्या फीचे पैसे मोबाइलवर क्रिकेटच्या पैजेत घालवले. घरी सांगायची हिंमत नव्हती. चौघांनी मिळून ती फी भरली. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांना बंदी करणारा कायदा केला, ते चांगलेच झाले. पण तो मुलगा काही वाईट नव्हता, आणि मूर्खही नव्हता. त्याला विचारणारे कोणी नव्हते, एवढेच. तेव्हापासून आजोबांची वही मला पोलिसासारखी वाटत नाही. घाटाच्या कडेला भिंत असते तशी ती वाटते.

मित्रहो, आपण सारे कोणाचे तरी नातू आहोत. आपल्याला मिळते ते कोणीतरी साठवलेले असते. आपल्यापैकी पुष्कळजण उद्या पतसंस्थेत, बँकेत, ग्रामपंचायतीत, देवस्थानच्या समितीत बसतील. तेथे दुसऱ्याचा पैसा हाती येईल आणि 'हा नियम इतरांना, मला नाही' असे म्हणण्याचा मोह होईल. सवय आतापासून लावलेली बरी. म्हणून या लेखाच्या निमित्ताने एक साधी सूचना करतो. आपल्या स्नेहसंमेलनाची वर्गणी आपण सारेच देतो. संमेलन संपल्यावर पंधरा दिवसांच्या आत त्याचा जमाखर्च, चहाबिस्किटांपासून मंडपापर्यंत, सूचनाफलकावर मराठीत आणि कन्नडात लागावा. कोणावर संशय आहे म्हणून नव्हे. संशय नसतानाच ही प्रथा पाडायची असते. संशय आल्यावर मागितलेला हिशेब भांडण होतो.

यंदाच्या वर्गणीची वही माझ्याकडे आहे. पहिला फलक मीच लावीन. चुका निघाल्या तर दाखवा.

— बी. कॉम. (द्वितीय वर्ष) चा एक विद्यार्थी, कॅसलरॉक